विस्थापनाच्या संकटाची बातमी कशी वाचावी

सक्तीच्या विस्थापनाविषयीची बातमी, अहवाल किंवा मदतीचे आवाहन हाती आले की सर्वांत आधी एक मोठा आकडा समोर येतो, आणि त्यापाठोपाठ ‘निर्वासित’ हा एकच शब्द सगळ्यांना सरसकट लावलेला दिसतो. आकडा आणि शब्द हे दोन्ही तपासून घेतल्याशिवाय संकटाचे खरे स्वरूप कळत नाही, कारण कोणाला मोजले, कोणी मोजले आणि कोणत्या कायदेशीर नावाखाली मोजले यावरच त्या माणसांना काय मिळणार आणि काय नाकारले जाणार हे बरेचसे ठरत असते. विकसनशील देशांतील एखादे विस्थापन अभ्यासायचे असेल, त्याविषयी लिहायचे असेल किंवा देणगी देण्यापूर्वी ते समजून घ्यायचे असेल, तर कोणते प्रश्न कोणत्या क्रमाने विचारावेत हे येथे मांडले आहे.

माणसे सीमेच्या आत आहेत की बाहेर?

पहिला प्रश्न हाच असावा. घर सोडून पळालेले कुटुंब स्वतःच्या देशाच्या सीमेत राहिले, तर ते ‘देशांतर्गत विस्थापित’ ठरते. सीमा ओलांडली, तरच ‘निर्वासित’ म्हणून मान्यता मिळण्याची शक्यता निर्माण होते. १९५१ च्या निर्वासितविषयक करारानुसार वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गटाचे सदस्यत्व किंवा राजकीय मत यांपैकी एखाद्या कारणाने छळ होण्याची सार्थ भीती असलेली आणि त्यामुळे स्वतःच्या देशाबाहेर असलेली व्यक्ती निर्वासित होय. मूळ करार १ जानेवारी १९५१ पूर्वीच्या घटनांमुळे देश सोडावा लागलेल्यांपुरताच होता. ही कालमर्यादा १९६७ च्या पूरक कराराने, म्हणजे प्रोटोकॉलने, काढून टाकली. ज्या ठिकाणी जीविताला किंवा स्वातंत्र्याला धोका आहे तेथे निर्वासिताला परत ढकलता येणार नाही, हे या कराराच्या ३३ व्या कलमातील तत्त्व संपूर्ण व्यवस्थेचा कणा आहे.

या व्याख्येत युद्धाचा थेट उल्लेख नाही, ही गोष्ट अनेक वाचकांच्या लक्षात येत नाही. बॉम्बवर्षावामुळे गाव सोडलेल्या शेतकऱ्याला व्यक्तिशः कोणी छळत होते, हे सिद्ध करणे अवघड असते. ही उणीव प्रथम आफ्रिकेने ओळखली. आफ्रिकी ऐक्य संघटनेच्या १९६९ च्या कराराने परकीय आक्रमण, परकीय ताबा आणि सार्वजनिक सुव्यवस्था गंभीरपणे विस्कळीत करणाऱ्या घटना यांमुळे पळालेल्यांनाही निर्वासित मानले. लॅटिन अमेरिकेत १९८४ च्या कार्ताहेना जाहीरनाम्याने तोच मार्ग धरला. म्हणून एखादे संकट आफ्रिकेतील असेल, तर केवळ १९५१ ची व्याख्या पुढे करून ‘हे खरे निर्वासित नव्हेत’ असा निष्कर्ष काढणारा लेख सावधपणे वाचावा.

यजमान देश त्या माणसांना कोणत्या नावाने ओळखतो, हे यानंतर पाहावे. तुर्कस्तानने १९५१ चा करार स्वीकारला असला, तरी भौगोलिक मर्यादा कायम ठेवली आहे. पूर्ण निर्वासित दर्जा केवळ युरोपातील घटनांमुळे आलेल्यांना मिळतो, आणि त्यामुळे लाखो सीरियन तेथे ‘तात्पुरत्या संरक्षणा’खाली राहिले. बांगलादेश या करारात सहभागी नाही आणि रोहिंग्यांसाठी ‘सक्तीने विस्थापित झालेले म्यानमारचे नागरिक’ असा शब्दप्रयोग करतो. यातील विसंगती अशी की १९८२ च्या नागरिकत्व कायद्यामुळे बहुसंख्य रोहिंग्यांना म्यानमार स्वतःचे नागरिक मानतच नाही. जॉर्डन, लेबनॉन, पाकिस्तान आणि भारत हे देशही करारात सहभागी नाहीत. मात्र यावरून तेथे आश्रय मिळतच नाही असे समजू नये. आश्रय मिळतो, पण तो बहुधा कायद्याने बांधलेला हक्क नसून प्रशासकीय निर्णय असतो, आणि निर्णय बदलायला एक आदेश पुरतो.

देशांतर्गत विस्थापितांचा प्रश्न वेगळ्या तऱ्हेने अवघड आहे. कागदोपत्री ते नागरिकच असतात, त्यामुळे त्यांची जबाबदारी त्यांच्याच सरकारवर येते, आणि पुष्कळदा त्याच सरकारच्या सैन्याने त्यांना गावाबाहेर काढलेले असते. त्यांच्यासाठी संयुक्त राष्ट्रांची १९९८ ची मार्गदर्शक तत्त्वे आहेत, पण ती बंधनकारक नाहीत. आफ्रिकी संघाचा २००९ चा कंपाला करार मात्र बंधनकारक आहे आणि तो २०१२ पासून अमलात आला. पॅलेस्टिनी निर्वासितांची व्यवस्था तर सर्वस्वी स्वतंत्र आहे. गाझा, वेस्ट बँक, जॉर्डन, लेबनॉन आणि सीरिया येथील पॅलेस्टिनींची नोंद व सेवा यांसाठी १९४९ मध्ये स्थापन झालेली वेगळी संस्था काम करते. संयुक्त राष्ट्रांच्या निर्वासितविषयक उच्चायुक्तालयाच्या (यूएनएचसीआर) आकड्यांत ते आहेत की नाहीत, हे प्रत्येक वेळी तळटीप वाचूनच ठरवावे.

आकडा उघडून पाहावा

उच्चायुक्तालयाच्या अहवालानुसार २०२४ च्या अखेरीस जगात १२ कोटी ३२ लाख लोक सक्तीने विस्थापित होते, म्हणजे साधारण ६७ माणसांमागे एक. हा आकडा उघडला की त्यात ७ कोटी ३५ लाख देशांतर्गत विस्थापित, ४ कोटी २७ लाख निर्वासित आणि ८४ लाख आश्रय अर्ज प्रलंबित असलेले लोक दिसतात. म्हणजे जगातील विस्थापितांपैकी बहुसंख्यांनी देश सोडलेलाच नाही. श्रीमंत देशांच्या किनाऱ्यांवरील नौकांची छायाचित्रे पाहून मनात जे चित्र तयार होते, त्याच्याशी हे जुळत नाही.

आता या तीन संख्यांची बेरीज करून पाहावी. ती १२ कोटी ४६ लाख येते, म्हणजे एकूण आकड्यापेक्षा १४ लाखांनी अधिक. ही चूक नाही. गाझातील अनेक माणसे नोंदणीकृत पॅलेस्टिनी निर्वासितही आहेत आणि युद्धामुळे गाझाच्या आतच पुन्हा विस्थापितही झाली आहेत. एकूण संख्येत त्यांना दोनदा धरलेले नाही. बेरीज जुळवून पाहण्याची ही सवय साधी असली, तरी एखादा अहवाल आपली गणना किती प्रामाणिकपणे उलगडून सांगतो याची तिने चांगली कल्पना येते.

दुसरा गोंधळ साठा आणि प्रवाह यांच्यातला आहे. वर्षाच्या शेवटच्या दिवशी किती माणसे घरापासून दूर होती हा साठा. वर्षभरात किती वेळा माणसांना घर सोडावे लागले हा प्रवाह. जिनिव्हातील अंतर्गत विस्थापन निरीक्षण केंद्र दोन्ही आकडे देते, आणि बातम्यांत त्यांची सर्रास सरमिसळ होते. एकाच कुटुंबाला वर्षात तीनदा हलावे लागले, तर प्रवाहाच्या आकड्यात ते तीनदा येऊ शकते. २०२२ च्या पुरामुळे पाकिस्तानात ८२ लाख विस्थापने नोंदली गेली. त्यांतील बरेच लोक काही आठवड्यांत किंवा महिन्यांत परतले असल्यामुळे ती संख्या वर्षअखेरच्या साठ्याच्या शेजारी मांडून तुलना करता येत नाही. आकड्यापुढे ‘या वर्षी’ लिहिले आहे की ‘या तारखेला’, एवढे पाहिले तरी अर्धा गोंधळ टळतो.

तिसरा मुद्दा मोजणाऱ्याचा. नोंदणी कोण करते, ती बंद केव्हा झाली आणि आकडा वाढण्यात किंवा घटण्यात कोणाचा लाभ आहे, हे विचारण्यात काही अनुचित नाही. लेबनॉन सरकारच्या सांगण्यावरून उच्चायुक्तालयाने मे २०१५ मध्ये सीरियन निर्वासितांची नवी नोंदणी थांबवली. त्यानंतर आलेले लोक नोंदणीच्या आकड्यात दिसत नाहीत आणि सरकारी अंदाज नोंदणीपेक्षा कितीतरी मोठा राहिला. युगांडात उलटे घडले. तेथे २०१८ मध्ये आकडे फुगवल्याचे आरोप झाल्यानंतर बोटांचे ठसे आणि डोळ्यांच्या नोंदी घेऊन पडताळणी केली गेली, तेव्हा सुमारे १४ लाखांचा आकडा सुमारे ११ लाखांवर आला. एका ठिकाणी माणसे होती पण नोंद नव्हती, दुसऱ्या ठिकाणी नोंद होती पण तेवढी माणसे नव्हती. यावरून सगळेच आकडे खोटे आहेत असा सवंग निष्कर्ष काढू नये; आकड्याबरोबर त्याची नोंदणीपद्धत आणि तारीख वाचावी, एवढाच याचा अर्थ आहे.

काही आकडे वर्षानुवर्षे उसने फिरत राहतात. निर्वासित सरासरी १७ वर्षे छावणीत राहतो, हे विधान त्यांपैकी एक. मूळ आकडा दीर्घकाळ रेंगाळलेली संकटे सरासरी किती वर्षे चालली आहेत याविषयीचा होता. व्यक्ती किती वर्षे निर्वासित राहते याविषयीचा नव्हता, आणि छावणीचा तर त्याच्याशी संबंधही नव्हता. जागतिक बँकेच्या अभ्यासकांनी २०१६ मध्ये तेव्हाच्या निर्वासितांचा काळ मोजला, तेव्हा सरासरी सुमारे १० वर्षे आणि मध्यक, म्हणजे निम्मे निर्वासित ज्याहून कमी काळ बाहेर होते तो काळ, सुमारे ४ वर्षे निघाला. सरासरी आणि मध्यक यांच्यातील हे अंतरही बोलके आहे. तेव्हा सीरियातून अलीकडेच बाहेर पडलेल्यांची संख्या प्रचंड होती आणि अफगाणांसारखे काही समूह अनेक दशके बाहेर होते; त्या दोहोंना एका सरासरीत कोंबले की दोघांचेही चित्र पुसले जाते.

भार कोण उचलतो आणि कोणत्या अटींवर

२०२४ च्या अखेरीस निर्वासित व आंतरराष्ट्रीय संरक्षणाची गरज असलेल्या इतर लोकांपैकी ७३ टक्के अल्प व मध्यम उत्पन्नाच्या देशांत होते आणि ६७ टक्के स्वतःच्या देशाला लागून असलेल्या देशांत. सर्वाधिक संख्या असलेल्या पाच यजमान देशांत इराण, तुर्कस्तान, कोलंबिया आणि युगांडा यांच्यासोबत जर्मनी हा एकच श्रीमंत देश आहे. केवळ एकूण संख्या पाहून थांबू नये. लोकसंख्येच्या प्रमाणात पाहिले, तर लेबनॉन आणि चाड यांसारखे देश वर येतात. आणि चाडची अर्थव्यवस्था, पूर्वेकडील भागातील पाण्याची स्थिती व आरोग्यसेवा लक्षात घेतल्या, तर १५ एप्रिल २०२३ रोजी सुदानचे सैन्य आणि ‘जलद मदत दल’ नावाचे निमलष्करी दल यांच्यात युद्ध पेटल्यानंतर आद्रेसारख्या सीमेवरील लहान गावावर काय कोसळले असेल याचा अंदाज येतो. सुदानमधील विस्थापितांची संख्या, देशातील आणि बाहेरील मिळून, २०२४ च्या अखेरीस १ कोटी ४३ लाख होती. तेव्हा जगातील हे सर्वांत मोठे विस्थापन होते.

यजमान देशाचे धोरण समजून घेण्यासाठी तीन गोष्टी शोधाव्यात. निर्वासिताला काम करण्याचा हक्क आहे का, तो देशात मुक्तपणे फिरू शकतो का, आणि त्याच्या मुलांना स्थानिक शाळेत प्रमाणपत्रासह शिकता येते का. माझ्या मते उदारता मोजण्यासाठी छावणीतील तंबूंच्या संख्येपेक्षा या तीन प्रश्नांची उत्तरे अधिक उपयोगी पडतात.

युगांडाच्या २००६ च्या कायद्याने निर्वासितांना काम आणि संचार यांचे हक्क दिले, आणि वसाहतींतील कुटुंबांना राहण्यासाठी व शेतीसाठी जमिनीचा तुकडा देण्याची तेथे रीत आहे. या धोरणाचे जगभर कौतुक होते आणि ते योग्यही आहे. पण माणसे वाढली तसे तुकडे आक्रसत गेले आणि मदतनिधी घटला तशी त्या तुकड्यावर जगण्याची अपेक्षा वाढत गेली, हेही त्याच वाक्यात सांगितले पाहिजे. कोलंबियाने फेब्रुवारी २०२१ मध्ये व्हेनेझुएलाच्या नागरिकांना १० वर्षांचे तात्पुरते संरक्षण जाहीर केले, ज्यामुळे नोकरी, बँक खाते आणि आरोग्यसेवा यांची दारे उघडण्याचा मार्ग मिळाला. कोलंबिया स्वतः दीर्घ अंतर्गत संघर्षामुळे लाखो नागरिकांच्या विस्थापनाचा देश आहे; त्यासाठी २०११ चा पीडित व जमीन परतावा कायदा त्याला करावा लागला. यजमान आणि विस्थापनग्रस्त अशा दोन वेगळ्या रकान्यांत देश बसतातच असे नाही, याचे हे ठळक उदाहरण आहे.

दुसऱ्या टोकाला कॉक्स बझार आहे. २५ ऑगस्ट २०१७ नंतर सात लाखांहून अधिक रोहिंग्या म्यानमारमधून बांगलादेशात आले आणि कुटुपालाँग परिसर जगातील सर्वांत मोठी निर्वासित वस्ती बनला. बांगलादेशाने सीमा उघडी ठेवली, म्हणून हजारोंचे प्राण वाचले. पण औपचारिक रोजगार नाही, छावणीबाहेर फिरण्याची मुभा नाही आणि भोवती कुंपण, अशा अवस्थेत तेथील लोक वर्षानुवर्षे शिध्यावर अवलंबून आहेत. दाट लोकवस्तीच्या आणि मर्यादित साधनांच्या देशाकडे बोट दाखवणे सोपे आहे. इतर देशांनी त्या वस्तीतून किती जणांना कायमचे आपल्याकडे नेले, हा प्रश्न त्याच वेळी विचारला जात नसेल, तर ती टीका अर्धवट आहे. जगभरात तिसऱ्या देशात पुनर्वसन मिळणाऱ्या निर्वासितांचे प्रमाण वर्षाला एक टक्क्याहूनही कमी असते.

छावणी आणि मदतीचा हिशेब

छावणी हे संकटाचे सर्वांत दृश्य रूप असले, तरी बहुसंख्य निर्वासित छावण्यांत राहत नाहीत. जॉर्डनमधील झातरी छावणी २०१२ मध्ये उभी राहिली आणि जगभर माहीत झाली, पण त्या देशातील नोंदणीकृत सीरियनांपैकी ८० टक्क्यांहून अधिक लोक शहरांत आणि गावांत भाड्याच्या घरांत राहत आले. शहरातील निर्वासित छायाचित्रात येत नाही. त्याच्यापुढे घरभाडे, कर्ज आणि ओळखपत्राची मुदत हे प्रश्न असतात. म्हणून केवळ छावणीवर आधारलेल्या वृत्तांतात उरलेले लोक कुठे आहेत, हे शोधावे.

छावणीतील परिस्थिती पारखण्यासाठी मानवतावादी मदतीचे ‘स्फिअर’ मापदंड हाताशी ठेवावेत. माणशी दररोज किमान १५ लिटर पाणी आणि माणशी किमान ३.५ चौरस मीटर छताखालची जागा ही त्यांतील परिचित मापे आहेत. अन्नासाठी माणशी दररोज सुमारे २,१०० किलोकॅलरी हा नियोजनाचा आधार धरला जातो. ‘परिस्थिती हलाखीची आहे’ या वाक्यापेक्षा पाणी किती लिटर मिळते हे सांगणारे वाक्य शंभरपटीने उपयोगी असते.

निधीच्या बातमीत मागितलेली रक्कम, जाहीर झालेली रक्कम आणि प्रत्यक्ष मिळालेली रक्कम या तीन निरनिराळ्या गोष्टी असतात. परिषदेत जाहीर झालेला निधी मिळालाच असे धरू नये. तुटीचा परिणाम थेट ताटात दिसतो: जागतिक अन्न कार्यक्रमाने कॉक्स बझारमधील माणशी मासिक शिधा मार्च २०२३ मध्ये १२ डॉलरवरून १० डॉलरवर आणि जूनमध्ये ८ डॉलरवर आणला, २०२४ च्या आरंभी तो पुन्हा १० डॉलर झाला. देणगी देणाऱ्याने शक्य असेल तेथे विशिष्ट देशाची किंवा वस्तूची अट न घालता पैसे द्यावेत, असे मला वाटते, कारण अटींनी बांधलेला पैसा गाजलेल्या संकटाकडे वाहतो आणि विस्मरणात गेलेले संकट कोरडे राहते.

कारणे सांगताना

विस्थापनाला एकच कारण देणारा मजकूर थोडा थांबून वाचावा. ‘हवामान निर्वासित’ हा शब्द प्रचलित झाला असला, तरी आंतरराष्ट्रीय कायद्यात असा प्रवर्ग नाही. जागतिक बँकेच्या २०२१ च्या अहवालातील २१ कोटी ६० लाखांचा आकडा वारंवार उद्धृत होतो; तो २०५० पर्यंत सहा प्रदेशांत देशाच्या आतच होऊ शकणाऱ्या स्थलांतराची वरची मर्यादा आहे, आणि उपाय योजले तर ती बरीच खाली येऊ शकते असे तोच अहवाल सांगतो. सीमा ओलांडणाऱ्या लोंढ्याचे भाकीत म्हणून तो वापरणे चूक आहे. धरणे, खाणी आणि महामार्ग यांमुळे उठवलेली माणसे तर वरील जागतिक बेरजेत येतही नाहीत.

परतीची बातमी

परतीचे आकडे सर्वांत जपून वाचावेत, कारण त्यांच्याभोवती समाधानाचा सूर आपोआप तयार होतो. परतणे ऐच्छिक, सुरक्षित आणि सन्मानाने झाले पाहिजे, ही मान्य कसोटी आहे. बांगलादेश आणि म्यानमार यांच्यात नोव्हेंबर २०१७ मध्ये परतीचा समझोता झाला. नोव्हेंबर २०१८ आणि ऑगस्ट २०१९ मध्ये वाहने सज्ज ठेवली गेली, पण नागरिकत्वाची आणि सुरक्षिततेची हमी नसल्याने जाण्यास कोणी तयार झाले नाही. पाकिस्तानने ऑक्टोबर २०२३ मध्ये कागदपत्रे नसलेल्या परदेशी लोकांना १ नोव्हेंबरपर्यंत देश सोडण्याचा आदेश दिला, आणि त्यानंतरच्या काही महिन्यांत पाच लाखांहून अधिक अफगाण परत गेले. या दुसऱ्या आकड्याला ‘मायदेशी परतणे’ असे म्हणण्यापूर्वी तो आदेश वाचावा.

परतलेल्यांना काय सापडले, हे विचारण्यासाठी घर आणि जमीन यांच्या कागदांपासून सुरुवात करावी. सीरियात २०१८ च्या १० क्रमांकाच्या कायद्याने पुनर्विकासासाठी निवडलेल्या भागांतील मालकी सिद्ध करण्यास प्रथम ३० दिवसांची मुदत दिली होती, जी टीकेनंतर वर्षभराची करण्यात आली. परदेशात असलेल्या आणि कागद जळून गेलेल्या कुटुंबाला ती मुदत पाळणे कितपत शक्य होते, हे वेगळे सांगायला नको. ८ डिसेंबर २०२४ रोजी असद राजवट कोसळल्यानंतर दहा लाखांहून अधिक सीरियन परतले, आणि मालकीचे हे जुने प्रश्न त्यांच्यापुढे पुन्हा उभे राहिले.

शेवटी परतीच्या आकड्याचे कारण तपासावे. २०२३ नंतर सुदानमधून लाखो दक्षिण सुदानी लोक स्वतःच्या देशात परत गेले. ते परतले ते दक्षिण सुदानमध्ये शांतता नांदू लागली म्हणून नव्हे, तर आश्रयाचा देशच पेटला म्हणून. अशा वेळी त्याच देशाच्या पुढील वर्षाच्या अहवालातील देशांतर्गत विस्थापितांचा रकाना काढून पाहावा. परतलेल्यांपैकी कितीजण त्यात नव्याने दाखल झाले आहेत, हे तेथे शोधता येते.